नोबुमोतोबाईंची बीबॉप

'काउबॉय बीबॉप' म्हटलं की लोकांना दिग्दर्शक वातानाबे आठवतो, नाहीतर योको कान्नोचं संगीत. मला केइको नोबुमोतो आठवतात. २६ भागांचे लेखक बरेच, पण मालिकेची रचना बाईंची. म्हणजे कुणाचा भूतकाळ कुठल्या भागात, किती उघडायचा हे सांभाळणं (आमच्याकडचा आर्किटेक्टच की!). आणि १९९८ मध्ये टीव्ही टोकियोने काय केलं? पहिला भागच गाळला, निम्मेही दाखवले नाहीत! अख्खी मालिका नंतर वाउवाउ वाहिनीवर लागली.

२००३ मध्ये सातोशी कोनबरोबर 'टोकियो गॉडफादर्स' लिहिला... तीन बेघर माणसं, कचऱ्यात सापडलेलं बाळ. २०२१ मध्ये बाई कर्करोगाने गेल्या, जेमतेम ५७ वर्षांच्या.

असो. 'गॉडफादर्स' पाहिला नसेल तर या शनिवारी बघाच.