नोटर डेमची फुटबॉल परंपरा आणि ‘रूडी’ : राखीव खेळाडूची कथा, इतिहासात आणि पडद्यावर

अमेरिकेतील महाविद्यालयीन फुटबॉलचा अभ्यास करताना आपल्याकडील वाचकासमोर प्रथम नावाचीच अडचण उभी राहते. कोल्हापूरच्या पेठांमध्ये ज्याला फुटबॉल म्हटले जाते तो हा खेळ नव्हे. येथे अंडाकृती चेंडू मुख्यतः हातांनी खेळला जातो आणि प्रतिस्पर्ध्याला अंगावर घेऊन खाली पाडणे हा खेळाचा वैध भाग असतो. दुसरी अडचण अधिक मूलभूत आहे. आपल्याकडे महाविद्यालयाचा संघ हा जिमखाना विभागाच्या वार्षिक अहवालातील एका परिच्छेदाचा विषय असतो. अमेरिकेत मात्र कित्येक विद्यापीठांची ओळख, देणग्या आणि माजी विद्यार्थ्यांची निष्ठा त्यांच्या फुटबॉल संघाभोवती गुंफलेली आहे. इंडियाना राज्यातील साउथ बेंड येथील नोटर डेम विद्यापीठ हे त्याचे सर्वांत ठळक उदाहरण होय. याच विद्यापीठाच्या एका अप्रसिद्ध खेळाडूवर 1993 मध्ये ‘रूडी’ हा चित्रपट निघाला. त्या चित्रपटामागील परंपरेचा आणि चित्रपटाने इतिहासाशी घेतलेल्या सवलतींचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

परंपरेची घडण

1842 मध्ये एडवर्ड सोरिन या फ्रेंच धर्मगुरूने नोटर डेमची स्थापना केली. रटगर्स आणि प्रिन्स्टन यांच्यात 1869 मध्ये जो सामना झाला, त्यापासून अमेरिकेतील महाविद्यालयीन फुटबॉलचा आरंभ मानला जातो. नोटर डेमचा पहिला सामना त्यानंतर अठरा वर्षांनी, 1887 मध्ये मिशिगनविरुद्ध झाला आणि त्यात संघ हरला. पुढील पाव शतक हा संघ प्रादेशिक पातळीवरच वावरत होता. त्या काळी फुटबॉलवर पूर्वेकडील जुन्या प्रोटेस्टंट विद्यापीठांचे वर्चस्व होते. मध्य-पश्चिमेतील मोठ्या विद्यापीठांच्या साखळीने नोटर डेमला वारंवार प्रवेश नाकारला. त्या नकारामागे कॅथलिकांविषयीची अढी कितपत होती याची चर्चा अभ्यासक करीत आले आहेत. ती अजिबात नव्हती असे मात्र कोणी म्हणत नाही. शेजारची दारे बंद असल्यामुळे संघाला प्रतिस्पर्धी शोधत देशभर फिरावे लागले, आणि याच सक्तीच्या भ्रमंतीतून त्याला राष्ट्रीय प्रेक्षक मिळाला.

1 नोव्हेंबर 1913 रोजी वेस्ट पॉइंट येथे नोटर डेमने लष्करी अकादमीच्या संघाला 35-13 असे हरविले. चेंडू पुढे फेकण्याची मुभा नियमांत 1906 पासूनच होती. तिचा इतक्या प्रभावीपणे वापर होताना पूर्वेकडील प्रेक्षकांनी तोवर फारसा पाहिला नव्हता. हे फेकलेले चेंडू झेलणारा खेळाडू होता कनूट रॉकनी. नॉर्वेत जन्मलेला, लहानपणी शिकागोत आलेला रॉकनी टपाल खात्यात काही वर्षे नोकरी करून वयाच्या बाविसाव्या वर्षी महाविद्यालयात दाखल झाला होता. पुढील विवेचनाच्या दृष्टीने हा तपशील ध्यानात ठेवण्याजोगा आहे. 1918 ते 1930 या काळात प्रशिक्षक म्हणून त्याच्या संघाने 105 सामने जिंकले, 12 गमावले आणि 5 बरोबरीत सोडविले.

या यशाला सामाजिक अर्थ होता. 1920 च्या दशकात इंडियाना हे कू क्लक्स क्लॅनच्या प्रभावाचे एक प्रमुख राज्य होते. मे 1924 मध्ये क्लॅनचे सदस्य साउथ बेंडमध्ये जमले असता नोटर डेमच्या विद्यार्थ्यांशी त्यांच्या रस्त्यावर चकमकी झाल्या. त्याच वर्षी संघ एकही सामना हरला नाही आणि 1 जानेवारी 1925 रोजी रोझ बोल सामन्यात त्याने स्टॅनफर्डला 27-10 असे नमविले. न्यूयॉर्क, शिकागो, बॉस्टन येथील आयरिश, पोलिश आणि इटालियन कामगारांनी या विद्यापीठाचे तोंडही पाहिले नव्हते. तरी हा संघ त्यांनी आपला मानला. भुयारी रेल्वेने सामन्याला येणाऱ्या या चाहत्यांना ‘सबवे ॲलम्नाय’ असे नाव पडले. कधी हिणवण्यासाठी वापरले जाणारे ‘फायटिंग आयरिश’ हे संबोधन विद्यापीठाने 1927 मध्ये अधिकृतपणे स्वीकारले. डिवचणारा शब्दच बिरुद म्हणून मिरविण्याची ही रीत इतिहासात अन्यत्रही आढळते.

या परंपरेचे दैवतीकरण प्रथम वृत्तपत्रांनी आणि नंतर चित्रपटाने केले. जॉर्ज गिप हा गुणी खेळाडू डिसेंबर 1920 मध्ये आजाराने वारला. आठ वर्षांनंतर, 1928 च्या लष्करी अकादमीविरुद्धच्या सामन्यात, रॉकनीने गिपची मृत्युशय्येवरील इच्छा संघाला सांगून त्याला चेतविले असे सांगितले जाते. तो सामना नोटर डेमने 12-6 असा जिंकला. रॉकनी स्वतः 31 मार्च 1931 रोजी कॅन्ससमधील विमान अपघातात मरण पावला. 1940 मध्ये त्याच्यावर निघालेल्या चित्रपटात पॅट ओब्रायनने रॉकनीची, तर रोनाल्ड रेगनने गिपची भूमिका केली. रेगन पुढे राष्ट्राध्यक्ष झाले आणि मे 1981 मध्ये याच विद्यापीठाच्या पदवीदान समारंभाला वक्ते म्हणून आले, तेव्हा चित्रपट आणि इतिहास यांतील सीमारेषा बरीच पुसट झालेली होती. इतिहासकार मरे स्परबर यांनी रॉकनीच्या दप्तरातील पत्रव्यवहार तपासून त्या मृत्युशय्येच्या प्रसंगाविषयी गंभीर शंका उपस्थित केल्या आहेत. त्यांचा ग्रंथ 1993 मध्येच, म्हणजे ‘रूडी’ प्रदर्शित झाला त्याच वर्षी प्रसिद्ध झाला, हा योगायोग बोलका आहे.

जोलिएटचा मुलगा

डॅनियल ‘रूडी’ रूटिगर याचा जन्म 1948 मध्ये, इलिनॉयमधील जोलिएट या औद्योगिक शहरातील कॅथलिक कुटुंबात झाला. चौदा भावंडांत तो तिसरा. वाचन-लेखनातील अडचण, म्हणजे डिस्लेक्सिया, त्याला होती; तिचे निदान मात्र बऱ्याच उशिरा झाले. त्यामुळे शालेय गुणपत्रिका सामान्यच राहिली. शाळेनंतर त्याने अमेरिकी नौदलात आणि पुढे वीज केंद्रात काम केले. 1972 मध्ये तो नोटर डेमच्या शेजारील होली क्रॉस या कनिष्ठ महाविद्यालयात दाखल झाला. तेथून नोटर डेमला केलेले अर्ज पुन्हा पुन्हा नाकारले गेले आणि चौथ्या प्रयत्नात, 1974 मध्ये, वयाच्या सव्विसाव्या वर्षी त्याला प्रवेश मिळाला.

त्याची उंची पाच फूट सहा इंच आणि वजन सुमारे 165 पौंड होते. फुटबॉलच्या बचावफळीसाठी ही शरीरयष्टी हास्यास्पद ठरावी. तरीही प्रशिक्षक आरा पार्सेगियन यांच्या काळात त्याला सरावपथकात जागा मिळाली. या जागेचे स्वरूप समजून घेतल्याशिवाय पुढील कथेचा अर्थ लागत नाही. अमेरिकी महाविद्यालयांत निवडक खेळाडूंना क्रीडा-शिष्यवृत्ती मिळते. शिष्यवृत्तीविना, स्वखर्चाने शिकत संघात येणाऱ्याला ‘वॉक-ऑन’ म्हणतात. आगामी प्रतिस्पर्ध्याच्या चाली आत्मसात करायच्या, त्या आपल्याच मुख्य संघासमोर वठवायच्या आणि दररोज अंगावर मार घ्यायचा, हे त्याचे काम. सामन्याच्या दिवशी तो बहुधा प्रेक्षागृहात असतो.

1975 साली हे अंतर आणखी वाढले. राष्ट्रीय महाविद्यालयीन क्रीडा संघटनेने, म्हणजे ‘एनसीएए’ने, खर्चकपातीसाठी घरच्या मैदानावर गणवेश चढविता येणाऱ्या खेळाडूंची संख्या 60 वर आणली. चित्रपटात हा नियम केवळ कथानकाचा अडसर म्हणून येतो. वास्तविक तो तेलसंकटानंतरच्या आर्थिक ताणाचा आणि महाविद्यालयांच्या वाढत्या क्रीडाखर्चाचा परिणाम होता, आणि त्याचा भार साहजिकच यादीच्या तळाशी असलेल्यांवर पडला.

8 नोव्हेंबर 1975 रोजी जॉर्जिया टेकविरुद्धच्या, हंगामातील घरच्या अखेरच्या सामन्यात रूडीचे नाव यादीत आले. सामना हातात आल्यावर शेवटच्या काही सेकंदांसाठी त्याला मैदानावर धाडण्यात आले आणि अखेरच्या चालीत त्याने प्रतिस्पर्धी क्वार्टरबॅकला चेंडू फेकण्यापूर्वीच खाली पाडले. नोटर डेमने सामना 24-3 असा जिंकला. सहकाऱ्यांनी रूडीला खांद्यावर उचलून मैदानाबाहेर नेले. नोंदीत राहिले ते एवढेच. हंगामाच्या दृष्टीनेही हा काही सुवर्णक्षण नव्हता. त्या वर्षी संघाने आठ सामने जिंकले आणि तीन गमावले.

पडद्यावरील रूपांतर

ही कथा पडद्यावर यावी यासाठी रूटिगरने अनेक वर्षे खटपट केली. अखेर ‘हूजिअर्स’ (1986) या बास्केटबॉलवरील चित्रपटाची जोडी, दिग्दर्शक डेव्हिड ॲन्स्पॉ आणि पटकथाकार अँजेलो पिझो, पुढे आली. रूडीची भूमिका शॉन ॲस्टिनने केली. संगीत जेरी गोल्डस्मिथ यांचे. 1940 च्या रॉकनी चित्रपटानंतर विद्यापीठाने आपल्या परिसरात चित्रीकरणास दिलेली ही पहिलीच परवानगी होती. मैदानावरील काही दृश्ये 1992 मध्ये खऱ्या सामन्यांच्या मध्यंतरात, खऱ्या प्रेक्षकांसमोर चित्रित झाली. प्रेक्षकांत क्षणभर दिसणारा एक चेहरा स्वतः रूटिगरचा आहे.

चित्रपटाने काय गाळले हे प्रथम पाहावे लागते. नौदलातील सेवा पूर्णतः वगळली आहे. पोलाद कारखान्यातून थेट विद्यापीठाकडे जाणारी रेषा त्यामुळे सरळ होते, पण एक प्रौढ, सैनिकी शिस्तीत तावून निघालेला माणूस पडद्यावर भाबडा पोरगा होतो. पंचविशीत शिकायला येणारा श्रमिक हा या विद्यापीठाच्या परंपरेला नवा नव्हता; खुद्द रॉकनी तसाच आला होता. चित्रपटकारांना हे साम्य वापरता आले असते. त्यांनी ते सोडून दिले, हे आश्चर्यकारक वाटते. मैदानाची देखभाल करणारा कृष्णवर्णीय कर्मचारी फॉर्च्यून, म्हणजे चार्ल्स डटन यांनी अत्यंत संयमाने उभे केलेले पात्र, काल्पनिक आहे. थट्टा करणारा थोरला भाऊही अनेकांना एकत्र करून घडविला आहे.

सर्वांत गाजलेला प्रसंग जर्सींचा. एकेक खेळाडू प्रशिक्षक डॅन डिव्हाइन यांच्या टेबलावर आपली जर्सी ठेवतो आणि आपल्याऐवजी रूडीला खेळवावे असे सुचवितो. हा प्रसंग घडलाच नाही. त्या संघातील जो मोंटाना, जो पुढे व्यावसायिक फुटबॉलमधील महान खेळाडू ठरला, यानेही तसे स्पष्ट सांगितले आहे. डिव्हाइन यांनी कथेच्या सोयीसाठी काहीशी खलभूमिका पत्करण्यास मान्यता दिली होती. परंतु पडद्यावरील परिणाम पाहून ते दुखावले. रूडीला गणवेश देण्याचा निर्णय आपलाच होता, असे त्यांचे म्हणणे होते. ज्या माणसाने 1977 मध्ये विद्यापीठाला राष्ट्रीय विजेतेपद मिळवून दिले, त्याला कोट्यवधी प्रेक्षक एका न घडलेल्या प्रसंगावरून ओळखतात. 2002 मध्ये ते वारले. कथेला खलनायक हवा असतो हे मान्य केले, तरी हयात व्यक्तीच्या नावाने तो उभा करणे ही सवलत मोठीच म्हणावी लागेल.

तथापि केवळ चुकांची यादी करून चित्रपटाचे आकलन पुरे होत नाही. 1975 पर्यंत नोटर डेम दुबळे राहिलेच नव्हते. अमेरिकेने 1960 मध्ये कॅथलिक राष्ट्राध्यक्ष निवडला होता; स्थलांतरितांची नातवंडे उपनगरांत स्थिरावली होती. 1990 मध्ये तर विद्यापीठाने एनबीसी या दूरचित्रवाणी कंपनीशी घरच्या सामन्यांसाठी सुमारे 38 दशलक्ष डॉलरचा स्वतंत्र करार केला, असा मान तेव्हा दुसऱ्या कोणत्याही विद्यापीठाला नव्हता. बलाढ्य झालेल्या संस्थेला आपल्या दुबळेपणाची जुनी कथा आता बाहेरच्या शत्रूविरुद्ध सांगता येणे अवघड होते. ‘रूडी’ने ती संस्थेच्या आत आणली. नकार देणारे मिशिगन आता प्रवेशकार्यालय झाले, क्लॅनच्या जागी साठ जणांची यादी आली. विद्यापीठाने पन्नासहून अधिक वर्षे मिटलेली दारे याच चित्रपटासाठी का उघडली, याचा उलगडा येथे होऊ शकतो. ज्या संस्थेने नायकाला तीनदा नाकारले, तीच अखेरीस त्याच्या स्वप्नाचे मंदिर म्हणून उरते.

अमेरिकेतील चित्रपटगृहांत ‘रूडी’ने सुमारे 23 दशलक्ष डॉलर मिळविले, म्हणजे बेताचेच. त्याची खरी लोकप्रियता पुढे घराघरांतील व्हिडिओवर आणि प्रशिक्षकांनी सामन्याआधी खेळाडूंना तो दाखविण्याच्या प्रथेतून वाढली. रूटिगर प्रेरणादायी व्याख्याता झाला. 2011 मध्ये त्याच्या नावाच्या क्रीडापेय कंपनीच्या समभागांची किंमत दिशाभूल करून फुगविल्याचा ठपका अमेरिकेच्या रोखे आयोगाने ठेवला. आरोप मान्य वा अमान्य न करता त्याने 3,82,866 डॉलर भरून प्रकरण मिटविले. पडद्यावरील निरागसतेचे मोल बाजारात किती होते, हे या प्रकरणातून जितके स्पष्ट होते तितके समीक्षेतून होत नाही.

वॉक-ऑनची जागा दरम्यान बदलत गेली. 1973 मध्ये फुटबॉल शिष्यवृत्त्यांवर 105 ची मर्यादा आली. 1990 च्या दशकात ती 85 झाली. शिष्यवृत्त्या घटल्या तसे स्वखर्चाने खेळणाऱ्यांचे महत्त्व वाढले आणि कित्येक संघांत एकूण खेळाडू 120 च्या पुढे गेले. 2021 पासून खेळाडूंना स्वतःच्या नावाचा व प्रतिमेचा मोबदला घेण्याची मुभा मिळाली. 6 जून 2025 रोजी संघीय न्यायालयाने एनसीएएविरुद्धच्या ‘हाउस’ खटल्यातील तडजोडीला मंजुरी दिली. तिच्यानुसार विद्यापीठे खेळाडूंना उत्पन्नाचा थेट वाटा देऊ शकतात. पहिल्या वर्षासाठी ही मर्यादा प्रत्येक विद्यापीठामागे सुमारे 20.5 दशलक्ष डॉलर होती. त्याच तडजोडीने शिष्यवृत्तीची मर्यादा काढून संघाच्या एकूण संख्येवर मर्यादा आणली. फुटबॉलसाठी ती 105 आहे. मुख्य खेळाडूंना दीर्घकाळ नाकारलेला मोबदला मिळू लागला आणि त्याच कागदाने यादीच्या तळाची नावे कापली गेली. मंजुरीपूर्वी अनेक वॉक-ऑन खेळाडूंना संघांनी कमी केले होते, आणि न्यायाधीश क्लॉडिया विल्केन यांनी तडजोड रोखून धरली ती नेमक्या याच मुद्द्यावर. जागा गमावलेल्या विद्यमान खेळाडूंना मर्यादेबाहेर ठेवण्याची तरतूद त्यानंतर झाली. ती त्या पिढीपुरती आहे; नंतर दाखल होणाऱ्यांना 105 च्या आतच जागा शोधावी लागते.