ईस्टर्न ग्रुप सप्लाय काउन्सिल

दुसऱ्या महायुद्धात सुएझच्या पूर्वेकडील ब्रिटिश वसाहती व स्वायत्त देश यांच्यातील युद्धसामग्रीच्या पुरवठ्याचा मेळ घालणारे मंडळ. स्थापना दिल्ली, 1941.

पार्श्वभूमी : जून 1940 मध्ये इटली युद्धात उतरला आणि भूमध्य समुद्राची वाट धोक्याची झाली. ब्रिटनहून इजिप्तला माल न्यायचा तर आफ्रिकेला वळसा पडू लागला. म्हणून मध्यपूर्वेतील फौजांची गरज पूर्वेकडूनच भागवावी, या हेतूने ऑक्टोबर 1940 मध्ये दिल्लीत परिषद भरली. हिंदुस्थान, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, दक्षिण आफ्रिका, ब्रह्मदेश, सिलोन, मलाया आदींचे प्रतिनिधी तीत होते. तीतून निघालेल्या मंडळाचे अध्यक्ष सर आर्चिबाल्ड कार्टर होते.

कार्यपद्धती : फौजांच्या मागण्या दिल्लीत एकत्र होत. गणवेश, बूट, तंबू, दारूगोळा यांपैकी जे जिथे तयार होण्याजोगे, ते काम त्या देशाकडे सोपवले जाई. डिसेंबर 1941 नंतर जपानने मलाया व ब्रह्मदेश घेतले, तेव्हा ही घडी विसकटली आणि हिंदुस्थानवरील भार वाढला.

महाराष्ट्र : खडकीचा दारूगोळा कारखाना 1869 पासूनचा, 1940 मध्ये तिथे स्फोटकांचा कारखाना उभा राहिला. मुंबई हे मालाच्या चढउताराचे मोठे बंदर. पुरवठ्याच्या घाईची किंमत 14 एप्रिल 1944 रोजी दिसली. व्हिक्टोरिया गोदीतील ‘फोर्ट स्टिकिन’ जहाजात सुमारे 1,400 टन स्फोटके आणि कराचीत भरलेल्या कापसाच्या गाठी एकत्र होत्या. दुपारी कापूस पेटला, चारनंतर जहाज फुटले. शेकडो माणसे मेली.

आर्थिक परिणाम : 1939 च्या करारानुसार ब्रिटनने आपल्या वाट्याचा खर्च लंडनमध्ये पौंडांत जमा दाखवला, इथे त्यावर नोटा छापल्या गेल्या आणि महागाई भडकली. बीड जिल्हा तेव्हा निजामाच्या राज्यात होता. तिथल्या शेतकऱ्यालाही सक्तीची धान्य लेव्ही भरावी लागली. युद्ध संपताना हिंदुस्थानची पौंडशिल्लक सुमारे 130 कोटी पौंड होती. रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर चिंतामणराव देशमुख 1944 मध्ये ब्रेटन वुड्सच्या परिषदेला गेले, तेव्हा हिंदी शिष्टमंडळाने हा प्रश्न तिथे मांडला.

मूल्यमापन : मालाचा हिशेब मंडळाने नेटका बसवला. त्यासाठी पोटाला चिमटा घेणाऱ्या रयतेला मात्र त्या मंडळात जागा नव्हती.