डाव्या वळणाचा शंख

मागें एकदां बुलढाणा जिल्ह्यांतील एका गांवीं विद्यार्थ्यांपुढें भूस्तरशास्त्रावर बोलण्याचा प्रसंग आम्हांस आला. ट्रायलोबाइट नांवाच्या, त्रिखंडी पाठीच्या नामशेष समुद्रप्राण्याचें चित्र आम्हीं मुलांना दाखविलें होतें. व्याख्यान संपतांच एक मुलगा पुढें आला व म्हणाला, "सर, हा प्राणी आपल्याकडे कोणत्या डोंगरांत सांपडेल?" कोणत्याच डोंगरांत नाहीं, असें उत्तर देणें भाग पडलें. मुलाचा चेहरा उतरला, आणि आम्हांसही तें उत्तर अपुरें वाटूं लागलें.

नकाराचें कारण सोपें आहे. ट्रायलोबाइट सुमारे ५२ कोटि वर्षांपूर्वीं समुद्रांत दिसूं लागले व सुमारे २५ कोटि वर्षांपूर्वीं समूळ नाहींसे झाले. त्यांचे अवशेष पाहावयाचे तर हिमालयांतील स्पितीचें खोरें किंवा काश्मीर गांठावें लागतें. उलट, अजिंठ्याच्या डोंगरापासून मेहकर-लोणारच्या माळांपर्यंत बुलढाण्याची जी भूमि आहे ती शिलारस थिजून झालेल्या काळ्या कातळाची. तिचें वय सुमारे साडेसहा कोटि वर्षांचें. जो वंश अठरा कोटींहून अधिक वर्षें आधींच बुडाला, त्याची नोंद ह्या दप्तरांत कोठून मिळणार?

परंतु दख्खनचा हा कातळ एका दिवसांत ओतला गेला नाहीं. शिलारसाचा एक लोंढा यावा, थिजावा, त्यावर पाऊस पडावा, खोलगट जागीं तळीं सांचावीं, त्यांत पाणवनस्पति, मासे व गोगलगाई नांदाव्या. आणि मग दुसऱ्या लोंढ्यानें तें सारें झांकून टाकावें, असें अनेकवार घडलें. तळ्यांतला गाळ पुढें वाळूच्या द्रव्यानें भरून गारगोटीसारखा कठीण झाला. दोन लाव्हांच्या मध्यें सांपडलेल्या ह्या पातळ थरांत जे जीव दगड होऊन राहिले, त्यांत सर्वांत प्रसिद्ध असा एक शंख आहे. त्याच्या नांवाचा इतिहास आम्हीं त्या मुलाला सांगितला. तोच येथें थोडा विस्तारानें देत आहों.

पैनगंगा बुलढाणा जिल्ह्यांत उगम पावते व पूर्वेकडे वाहत जाते. तिच्या खालच्या खोऱ्याच्या दक्षिणेस निर्मळचे डोंगर आहेत, आणि उत्तरेस चिकणी हें गांव. मद्रासच्या लष्करांतील शल्यवैद्य जॉन माल्कमसन ह्यांनीं ह्या मुलुखांतून शंखशिंपल्यांचे दगड गोळा केले व लंडनच्या भूशास्त्रीय संस्थेपुढें मांडले. त्यांचा निबंध १८४० सालीं छापून निघाला. त्यांत सोवर्बी ह्या शंखज्ञानें ह्या शंखास 'फायसा प्रिन्सेपाय' असें नांव दिलें. प्रिन्सेप म्हणजे अशोकाच्या शिलालेखांची ब्राह्मी लिपि उलगडणारे जेम्स प्रिन्सेपच. त्याच वर्षीं ते वारले. जुन्या अक्षरांचा उलगडा करणाऱ्याचें नांव अशा एका शंखास लाभावें, कीं ज्याचा स्वतःचा उलगडा पुढें पावणेदोनशें वर्षें रखडावा, ह्या योगायोगाचें आम्हांस नेहमीं नवल वाटतें.

नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप व रॉबर्ट हंटर ह्यांनीं पुढलें काम केलें. नागपूरजवळ टाकळी येथें फिरावयास गेले असतां त्यांना असेच थर आढळले, आणि धर्मोपदेशाच्या जोडीला दगड फोडण्याचा नाद त्यांना लागला. १८५५ सालीं दोघांचा नागपूर प्रदेशाच्या भूस्तरांवरील निबंध निघाला. १८६० सालीं हिस्लॉप ह्यांनीं एकट्यांनीं ह्या शंखांचें सविस्तर वर्णन केलें. कोणी लांबट, कोणी फुगीर, असे निरनिराळ्या घाटांचे शंख त्यांच्यापुढें होते. दुसरा कोणी असता तर प्रत्येकास नवी जाति ठरवून आपल्या नांवाची यादी वाढवितां झाला असता. हिस्लॉप ह्यांनीं ते एकाच जातीचे उपप्रकार मानले. आमच्या मतें हा संयम त्यांच्या सर्व शोधांहून मोलाचा आहे. १८६३ च्या सप्टेंबरांत टाकळघाटजवळील प्राचीन शिळावर्तुळें पाहून परततांना ते नदीच्या पुरांत वाहून गेले. नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजांतून बाहेर पडलेल्या कितीजणांस ही हकीगत ठाऊक असेल, कोण जाणे!

आतां ह्या शंखाचें मुख्य लक्षण पाहूं. शेंडा वर धरून तोंड आपल्याकडे केलें असतां बहुतेक शंखांचें तोंड उजवीकडे येतें; ह्याचें डावीकडे येतें. येथें वाचकांनीं घोटाळा करूं नये. आपल्या देवघरांतील दुर्मिळ 'दक्षिणावर्ती' शंख प्राणिशास्त्राच्या भाषेंत डाव्याच वळणाचा ठरतो, कारण आपण शंख उलटा धरतों. गोड्या पाण्यांत राहणाऱ्या डाव्या वळणाच्या आजच्या गोगलगाईंत फायसा ही प्रजाति ठळक, म्हणून सोवर्बींनीं हा शंख तिच्यांत घातला. मात्र तो आजच्या फायसांहून पुष्कळ मोठा आहे.

पुढें झूऑलॉजिकल सर्व्हेचे संस्थापक नेल्सन अॅनंडेल ह्यांनीं १९२० सालीं ह्या वर्गीकरणास हरकत घेतली. त्यांनीं हा शंख 'बुलिनस' ह्या प्रजातींत नेला. प्रश्न नुसत्या नांवाचा असता तर आम्हीं वाचकांस शिणविलें नसतें. फायसाचें कुळ मुख्यत्वें उत्तर गोलार्धांतलें, त्यांतही अमेरिकेंत बहरलेलें. बुलिनस आफ्रिका व मादागास्करकडील. ज्या काळीं हा शंख दख्खनच्या तळ्यांत रांगत होता, त्या काळीं भारतभूमि मादागास्करपासून सुटून उत्तरेस सरकणारें एक बेट होती. तेव्हां ही गोगलगाय जुन्या घराची आठवण घेऊन आलेली, कीं उत्तरेकडून येऊन वसलेली, हें तिच्या नात्यावर ठरणार. आणि नेमकें तेंच कवचावरून सांगतां येत नाहीं! जिवंत फायसा व बुलिनस ह्यांतील खरा भेद त्यांच्या मृदु देहांत आहे. बुलिनसचें रक्त तांबडें असतें, फायसाचें नसतें. साडेसहा कोटि वर्षांपूर्वींचें रक्त आतां कोण तपासणार? अलीकडच्या ग्रंथांत 'प्लॅटिफायसा' असें तिसरेंच नांव आढळतें. आम्हांस तें बरें वाटतें, कारण तें कोणाही जिवंत कुळाशीं घाईनें सोयरीक जोडीत नाहीं.

दुसरा वाद काळाचा. हिस्लॉप ह्यांनीं १८६० च्या निबंधाच्या मथळ्यांतच ह्या थरांस 'तृतीय' युगांत बसविलें होतें. मेडलिकॉट व ब्लॅनफर्ड ह्यांच्या १८७९ च्या ग्रंथानें दख्खनचा कातळ त्याआधींच्या क्रिटेशस युगाच्या अखेरीस नेला. १९३४ सालीं बिरबल सहानी ह्यांनीं ताडवर्गीय वनस्पतींच्या पुराव्यावरून तो पुन्हां तृतीय युगाकडे ओढला. कोणी शंखाच्या तर कोणी पानाच्या साक्षीनें बोले, आणि दोन्ही बाजूंस विद्वान. १९८० नंतर खडकांतील किरणोत्सर्गी द्रव्यांच्या मोजणीनें निकाल लागला, तोही असा कीं दोघांचेंही अंशतः खरें ठरावें. दख्खनचे लोंढे दोन युगांच्या शिवेवरच, सुमारे ६ कोटि ६० लक्ष वर्षांपूर्वीं, वाहिले. शंख काळाविषयींच्या साक्षीतून मोकळा झाला. नात्याविषयींची त्याची साक्ष मात्र अपुरीच आहे.

ती पुरी व्हावयाची तर नवे नमुने हवेत, आणि ते कोणत्या लोंढ्याच्या खालीं व कोणाच्या वर मिळाले ह्याची नोंद हवी. लोणारच्या विवराच्या कड्यांत एकावर एक पडलेले पांच-सहा लोंढे नुसत्या डोळ्यांनीं मोजतां येतात. तेथें हातोडा चालवूं नये. तें संरक्षित स्थळ आहे. परंतु गांवोगांवीं नव्या विहिरी खोदल्या जातात व दगड काठावर टाकला जातो. त्या ढिगांत काळ्या कातळाहून निराळा, फिकट, गारगोटीसारखा तुकडा दिसला तर उलटून पाहावा, आणि शंख दिसल्यास तो घरीं नेण्यापूर्वीं विहिरीची खोली लिहून घ्यावी, असें आम्हीं त्या मुलाला सांगितलें. त्यानें वही काढून विचारलें, "खोली हातांत लिहूं कीं फुटांत?"