माळ्यावरचा प्रभू

वसईच्या केळीबागांतून ज्यांचे बालपण गेले, त्यांना सायकलीचे अप्रूप नसते. सहायक धर्मगुरू म्हणून आमची पहिली नेमणूक झाली तेव्हा आजाऱ्यांना ख्रिस्तप्रसाद पोहोचविण्याचे काम आम्ही सायकलीवरूनच करीत असू. तथापि पन्नाशी उलटल्यावर परक्या मुलखात, आठ-दहा अनोळखी माणसांच्या रांगेत सायकल हाकण्याचा योग येईल, असे कधी वाटले नव्हते. एका डच धर्मगुरुमित्राच्या आमंत्रणावरून आम्ही मे महिन्यात हॉलंडला गेलो होतो. "ॲम्स्टरडॅम बसच्या खिडकीतून दिसत नाही," असे बजावून त्याने शहराच्या जुन्या वस्त्या सायकलीवरून दाखविणाऱ्या एका बाईंच्या फेरीत आमचे नाव घातले. बाई इतिहासाच्या निवृत्त शिक्षिका होत्या. त्यांनी दिलेल्या सायकलीला हाताचा ब्रेक नव्हता. पायडल उलटे फिरविले की ती थांबे. पहिल्याच वळणावर आम्ही सवयीने हात आवळला आणि पुढच्या गृहस्थावर आदळता आदळता वाचलो.

फेरीची सुरुवात मध्यवर्ती रेल्वे स्थानकासमोर, संत निकोलसच्या मंदिरापाशी झाली. दोन मनोरे आणि भव्य घुमट असलेले हे कॅथलिक मंदिर १८८७ साली पूर्ण झाले. बाईंनी विचारले, "शहर साडेसातशे वर्षांचे आणि हे मंदिर पुरते दीडशे वर्षांचेही नाही, असे का?" उत्तर जवळच होते. दोन-तीन गल्ल्या ओलांडल्यावर 'जुने मंदिर' लागते. १३०६ साली संत निकोलसलाच वाहिलेले हे शहराचे मूळ मंदिर १५७८ साली प्रॉटेस्टंटांच्या ताब्यात गेले.

त्या सालाचा इतिहास थोडक्यात सांगणे आवश्यक आहे. स्पेनचा कॅथलिक राजा दुसरा फिलिप याची त्या काळी या मुलखावर सत्ता होती. त्याने १५६७ साली धाडलेल्या आल्बाच्या ड्यूकने बंडखोर व पाखंडी ठरवून हजाराहून अधिक माणसांना देहदंड दिला. वधस्तंभापाशी क्रूस मिरविला गेला, की त्या क्रूसाकडे पाहण्याची लोकांची दृष्टी पालटते. पुढे बंड यशस्वी झाले आणि २६ मे १५७८ रोजी ॲम्स्टरडॅमच्या कॅथलिक नगरशासकांना व धर्मगुरूंना नावांत बसवून शहराबाहेर नेऊन सोडण्यात आले. रक्त सांडले नाही. पण मंदिरे गेली, मठ गेले आणि जाहीर मिस्सेला बंदी आली. दुसऱ्याच वर्षी झालेल्या उट्रेख्तच्या करारात मात्र एक कलम होते : धर्मावरून कोणाचा छळ वा चौकशी होऊ नये. मनात काय मानायचे ते माना. रस्त्यावर मात्र दाखवू नका, असा त्याचा व्यवहारातील अर्थ झाला.

तो अर्थ दगडविटांत पाहायचा असेल, तर त्याच कालव्याकाठी उभ्या असलेल्या एका घरात शिरावे. बाहेरून ते शेजारच्या घरांसारखेच अरुंद व उंच आहे. यान हार्टमान या कॅथलिक व्यापाऱ्याने १६६१ साली हे घर व त्याच्या पाठची दोन लहान घरे विकत घेतली आणि १६६३पर्यंत तिन्ही घरांचे माळे आतून जोडून तेथे मंदिर उभारले. सायकली कठड्याला साखळीने बांधून आम्ही त्या अंधाऱ्या, चिंचोळ्या जिन्याने वर गेलो. दिवाणखाना, धर्मगुरूचा भिंतीतला पलंग, पुन्हा जिना, आणि अकस्मात समोर वेदी! दोन्ही अंगांना सज्जे, वर याकोब द वित याने रंगविलेले प्रभूच्या स्नानसंस्काराचे चित्र. जागा इतकी अपुरी की प्रवचनपीठही वेदीच्या पोटात दुमडून ठेवण्याची सोय केलेली. आमच्या वसईकडे माळ्यावर भात, सुकी मासळी आणि पावसाळ्याची बेगमी ठेवतात. या लोकांनी तेथे प्रभूला ठेवले! या स्थळाचे डच नावही तेच सांगते : 'माळ्यावरचा आपला लाडका प्रभू'. समोरचे मोठे मंदिर १८८७ साली उभे राहीपर्यंत, म्हणजे सव्वादोनशे वर्षे, येथे मिस्सा होत राहिली. १८८८पासून येथे संग्रहालय आहे.

आम्ही भारावून गेलो होतो. पूर्वजांच्या श्रद्धेविषयी दोन शब्द बोलणार, एवढ्यात बाई शांतपणे म्हणाल्या, "फादर, हे गुप्त नव्हते. सगळ्यांना ठाऊक होते. रविवारी दीडशे माणसे एका घरात शिरतात, हे शेजाऱ्यांना दिसत नाही का?" खरेच होते. अशा मंदिरांसाठी अधिकाऱ्यांना ठरावीक रक्कम पोहोचती केली जाई आणि अधिकारी पाहून न पाहिल्यासारखे करीत. आपल्या मराठीत यास डोळेझाक म्हणतात. त्या युगाच्या मानाने ही डोळेझाक फार मोठी होती, हे मान्य केलेच पाहिजे. परंतु जिला भाडे द्यावे लागते, ती मोकळीक कोणत्या प्रतीची?

तेथून थोड्याच अंतरावर डच ईस्ट इंडिया कंपनीची जुनी कचेरी आहे. आज तेथे विद्यापीठाचे वर्ग भरतात. १६०२ साली स्थापन झालेल्या या कंपनीची वखार १६३७ साली आपल्या वेंगुर्ल्यास उघडली. गोव्याच्या पोर्तुगिजांवर तेथून नजर ठेवली जाई. त्या वखारीचे भग्नावशेष कोकणात जाणाऱ्यास आजही दिसतात. याच कंपनीने सिलोनमधून पोर्तुगिजांना हुसकावल्यावर तेथे कॅथलिक धर्मगुरूंना बंदी घातली. हार्टमानच्या माळ्यावर डोळेझाकीखाली मिस्सा होत असताना, १६८७ साली बाणावलीचे फादर जुझे वाझ मजुराच्या वेषात जाफन्यास उतरले आणि रात्रीच्या अंधारात घरोघरी साक्रामेंत देत हिंडले. २०१५ साली परमगुरू फ्रान्सिस यांनी त्यांना कोलंबो येथे संतपद दिले. सत्ता तीच, काळ तोच. मात्र स्वतःच्या शहरात जे सोसले, ते वसाहतीत सोसले नाही. त्या कचेरीच्या चौकात आम्ही जुझे वाझांचे नाव घेतले, तेव्हा बाईंनी ते आपल्या वहीत टिपून घेतले.

येथवर आपण पीडितांच्या बाजूने चाललो आहोत, असे समाधान आम्हांस वाटत होते. पुढचा मुक्काम ज्यूंच्या वस्तीत होता आणि तेथे ते समाधान उरले नाही. २ ऑगस्ट १६७५ रोजी उघडलेले पोर्तुगीज ज्यूंचे सभास्थान तेथे उभे आहे. त्याच्या मुख्य दालनात वीज नाही. सभेच्या वेळी सुमारे हजार मेणबत्त्या लावतात. पायाखालच्या लाकडी जमिनीवर बारीक वाळू पसरलेली असते. हे लोक पोर्तुगीज का? कारण त्यांचे पूर्वज पोर्तुगालमधून पळून आले होते. तेथे १४९७ साली ज्यूंना सक्तीने ख्रिस्ती करण्यात आले आणि पुढे तेच 'खोटे ख्रिस्ती' म्हणून इन्क्विझिशनपुढे खेचले गेले.

हा इतिहास आम्हांला ग्रंथांतून ठाऊक होता. गोव्याचा माणूस तो कसा विसरेल? गोव्यात इन्क्विझिशन १५६०मध्ये आले आणि १८१२मध्ये कायमचे गेले. आपल्याकडील औषधी वनस्पतींवर १५६३ साली गोव्यात ग्रंथ छापणारा वैद्य गार्सिया द ओर्ता हा अशाच ज्यू घराण्यातला. तो १५६८ साली वारला; १५६९मध्ये त्याच्या बहिणीला जिवंत जाळले आणि १५८०मध्ये त्याची हाडे उकरून तीही जाळली. ॲम्स्टरडॅमच्या ज्यूंना आपले सभास्थान माळ्यावर लपवावे लागले नाही. आमच्या धर्मबंधूंनी ज्यांना देशोधडीला लावले, त्यांना या परक्या शहराने उघड्यावर प्रार्थना करू दिली. मेणबत्त्यांच्या त्या दालनात आम्ही बराच वेळ मान खाली घालून उभे होतो.

परंतु आश्रय देणाऱ्या शहराचेही हात शेवटपर्यंत पुरले नाहीत. सभास्थानाच्या पलीकडील चौकात एका गोदी कामगाराचा पुतळा आहे. फेब्रुवारी १९४१मध्ये नाझींनी चारशेहून अधिक ज्यू तरुण धरून नेले, तेव्हा २५ तारखेला ॲम्स्टरडॅमच्या कामगारांनी संप पुकारला. त्याचे हे स्मारक. संप चिरडला गेला. पुढे डच महागुरूंनी ज्यूंच्या हद्दपारीचा निषेध करणारे पत्र २६ जुलै १९४२ रोजी मंदिरामंदिरांतून वाचविले. त्याच दिवशी कार्मेलाइट धर्मगुरू संत टायटस ब्रँड्समा यांनी दाखाऊच्या छळछावणीत प्राण ठेवला. पत्राचा सूड म्हणून आठवड्याभरात कॅथलिक झालेल्या ज्यूंना पकडण्यात आले. त्यांतच संत एडिथ स्टाइन होत्या. ९ ऑगस्टला आउशविट्झ येथे त्यांचा अंत झाला. तरीही हॉलंडमधील एक लाखाहून अधिक ज्यू परतले नाहीत. जे पुस्तकांच्या कपाटामागे, माळ्यांवर लपले, त्यांतील ॲन फ्रँकचे घर पुढे प्रिन्सेनग्राख्त कालव्यावर आम्ही पाहिले. हार्टमानचा माळा आणि फ्रँक कुटुंबाचा माळा यांच्यामध्ये सायकलीने दहा-बारा मिनिटांचे अंतर आहे.

अखेरचा टप्पा काल्व्हरस्त्राट या बाजाररस्त्याचा. येथे सायकल हातात धरून चालावे लागते. १३४५ साली या ठिकाणी एका मरणासन्न माणसाला ख्रिस्तप्रसाद दिला गेला. तो त्याला ओकारी होऊन पडला व विस्तवात टाकला गेला, तरी जळाला नाही, अशी परंपरा आहे. त्या स्थळी दरवर्षी मिरवणूक निघे. १५७८नंतर ती बंद पडली. १८८१ साली दोन गृहस्थांनी जुन्या मार्गाने चालण्यास प्रारंभ केला. मिरवणुकीला कायद्याची आडकाठी होती. म्हणून ना झेंडा, ना वाजंत्री, ना मोठ्याने प्रार्थना. आज कायद्याची बंदी नाही, तरीही मार्च महिन्यातील एका रात्री हजारो माणसे त्याच मार्गाने मुकाट्याने चालतात. बंदीने लादलेले मौन त्यांनी आपली प्रार्थना म्हणून स्वीकारले आहे.

सायंकाळी सायकल परत करताना 'सहिष्णुता' हा आपला शब्द मनात घोळत होता. त्याच्या पोटात 'सहन करणे' आहे. आपण जे सहन करतो, ते आपणास बोचत असते. ते डोळ्यांआड राहिले तर बरे, असे आपणास वाटते. ७ डिसेंबर १९६५ रोजी दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने धर्मस्वातंत्र्याचा जाहीरनामा प्रसिद्ध केला. हे स्वातंत्र्य कोणाच्या उदारपणाचे दान नसून मानवी प्रतिष्ठेतून येणारा हक्क आहे, असे त्यात ख्रिस्तसभेने मानले. सेमिनरीत आम्ही हा दस्तऐवज परीक्षेसाठी अभ्यासिला होता. त्याची किंमत त्या दिवशी कळली.

आणि एक गोष्ट आठवली, ती सांगितल्यावाचून हा लेख पुरा होणार नाही. आमच्या धर्मग्रामात परप्रांतांतून आलेली काही मजूर कुटुंबे आहेत. ती आपल्या ख्रिस्तसभेची नव्हेत. दुसऱ्या एका लहानशा पंथाची आहेत. भाड्याच्या खोलीत, खिडक्या लावून, ती प्रार्थना करतात. त्यांच्याविरुद्ध आमच्याकडे कुरबुर आली, तेव्हा "दुर्लक्ष करा," असा सल्ला आम्ही दिला होता आणि आपण फार उदारपणा केला असे मानले होते. परत आल्यावर एका रविवारी आम्ही त्या खोलीवर गेलो. आम्हांला पाहताच गाणे थांबले. काही चुकले का, असे त्यांतील वडीलधाऱ्याने भीतभीत विचारले. आम्ही त्याला म्हटले, "चुकले ते आमचे. उन्हाळा आहे, खिडक्या उघडा आणि गाणे पुरे करा."