दम कोंडण्याची विद्या व तिचा इतिहास

बीडहून केजकडे जाताना मांजरसुंब्याच्या पुढे आपले नेकनूर लागते. या गावात पोती चढवणारा हमाल आपण सर्वांनी पाहिला आहे. तो पोत्याखाली पाठ देतो, छातीभर दम घेतो, तो आतल्या आत कोंडतो आणि एका झटक्यात उभा राहतो. आपल्या जिल्ह्यातून दरवर्षी कारखान्यांकडे जाणारा ऊसतोड मजूर डोक्यावर मोळी घेऊन फळीवरून ट्रकवर चढतो, तेव्हा तोही हेच करतो. आखाड्यात प्रतिस्पर्ध्याला उचलणारा पैलवान हेच करतो, बद्धकोष्ठाने त्रासलेला म्हातारा कुंथताना हेच करतो, आणि विहिरीत कोण जास्त वेळ बुडून राहतो अशी पैज लावणारी आपली मुलेही दमच कोंडतात. ही गोष्ट कोणालाही शिकवावी लागत नाही.

परंतु त्या दहा-पंधरा सेकंदांत शरीराच्या आत काय घडते? हा प्रश्न सोपा दिसला तरी त्याचे उत्तर मिळण्यास मानवजातीला अनेक शतके लागली. त्या उत्तराचे काही धागे बगदाद व काहिरा येथे, काही युरोपात, तर काही आपल्या महाराष्ट्रातच सापडतात. विद्यार्थ्यांना इतिहास म्हणून आणि पालकांना घरच्या उपयोगाची गोष्ट म्हणून ही हकीकत सांगावीशी वाटते.

जुने जाणकार

दुसऱ्या शतकातील ग्रीक वैद्य गॅलन (जालीनूस) याने आपल्या आरोग्यविषयक ग्रंथात व्यायामानंतर श्वास रोखण्याच्या क्रियेचा विचार केला आहे. गॅलनचे अनेक ग्रंथ नवव्या शतकात बगदाद येथे हुनैन इब्न इसहाक व त्याच्या सहकाऱ्यांनी भाषांतरित केले आणि त्यामुळे ते जगाला उपलब्ध राहिले. अकराव्या शतकात अल-बेरुनीने पतंजलीच्या योगशास्त्राचा अरबी अनुवाद केला. म्हणजे श्वासनियमनाचा भारतीय विचार जवळजवळ हजार वर्षांपूर्वी अरबी वाचकांपर्यंत पोहोचला होता.

आपल्याकडे हठयोगी त्या क्रियेस कुंभक म्हणत, तर सूफी तिला हब्स-ए-दम म्हणत. औरंगाबाद (आजचे छत्रपती संभाजीनगर) येथील चिश्ती सूफी हजरत निजामुद्दीन औरंगाबादी यांनी अठराव्या शतकाच्या प्रारंभी जिक्राच्या पद्धतींवर ‘निजामुल कुलूब’ हा फारसी ग्रंथ लिहिला. अशा ग्रंथांतून श्वास रोखण्याच्या रीतींचीही चर्चा येते. त्यांचा उद्देश शरीर कमावण्याचा नव्हता, तर चित्त एकाग्र करण्याचा होता. लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की, योगी असोत वा सूफी, दोघांनीही ही क्रिया गुरूच्या अथवा मुर्शिदाच्या देखरेखीखाली व सावकाशच करावी असा दंडक घातला. तिच्यात धोका आहे हे त्यांना अनुभवाने ठाऊक होते. मात्र धोका का आहे, हे कळण्यासाठी आधी हृदय व फुफ्फुस यांचे नाते उलगडणे आवश्यक होते.

ते नाते तेराव्या शतकात इब्न अन-नफीस या दमिश्कमध्ये शिकलेल्या व काहिरा येथे वैद्यकी केलेल्या हकिमाने ओळखले. हृदयाच्या उजव्या कप्प्यातील रक्त मधल्या पडद्यातून डावीकडे झिरपते, हे गॅलनचे मत त्याने नाकारले. ते रक्त फुफ्फुसांतून फिरूनच डाव्या बाजूस येते, असे त्याने इब्न सीनाच्या शरीररचनेवरील भाष्यात लिहिले. पुढे या लिखाणाचा विसर पडला. १९२४ साली मुहियुद्दीन अत्-ततावी या जर्मनीत शिकणाऱ्या मिसरी डॉक्टरास ते हस्तलिखित बर्लिनच्या ग्रंथालयात आढळले. रक्ताला फुफ्फुसांतून जावे लागते हे एकदा कळले की, छातीत दम कोंडला तर रक्ताच्या वाटेवरही दाब येणार, हे ओघानेच आले.

वालसाल्वा आणि वेबर

डॉक्टर लोक या क्रियेला आज ‘वालसाल्वा’ म्हणतात. आंतोनिओ मारिया वालसाल्वा (१६६६–१७२३) हा इटलीतील बोलोन्या येथील शरीरशास्त्रज्ञ होता. १७०४ साली कानावरील ग्रंथात त्याने लिहिले की, नाक-तोंड मिटून जोराने श्वास बाहेर ढकलला तर हवा घशातील नळीवाटे कानात शिरते. कानातील पू बाहेर काढण्यासाठी त्याने हा उपाय सांगितला. हृदयाचा त्याने विचारही केला नव्हता.

तो विचार एदुआर्द वेबर या जर्मन शास्त्रज्ञाने केला. दम कोंडून छाती जोराने दाबली तर आपल्या नाडीचे ठोके लागेनासे होतात, असे त्याला आढळले. हा प्रयोग त्याने स्वतःवरच केला आणि एकदा त्यात तो बेशुद्ध झाला. १८५१ साली त्याने ही हकीकत प्रसिद्ध केली.

बडोद्याचा आखाडा ते लोणावळा

आता आपल्या घराजवळ येऊ. बडोद्यात जुम्मादादा नावाचे नामांकित मुसलमान उस्ताद होते. त्यांचे शिष्य प्रोफेसर माणिकराव यांनी गुरूच्या नावाचे ‘जुम्मादादा व्यायाम मंदिर’ नावारूपास आणले. या माणिकरावांकडे १९०७ ते १९१० या काळात जगन्नाथ गणेश गुणे नावाचा तरुण शिकत होता. हाच तरुण पुढे स्वामी कुवलयानंद (१८८३–१९६६) म्हणून प्रसिद्ध झाला. मुसलमान उस्तादापासून निघालेली व्यायामाची ही परंपरा एका आधुनिक प्रयोगशाळेपर्यंत जाऊन पोहोचली, ही गोष्ट आपल्या मुलांना अवश्य सांगावी.

कुवलयानंदांनी योगक्रियांबद्दलची कोणतीही गोष्ट केवळ श्रद्धेवर स्वीकारली नाही. बडोद्याच्या रुग्णालयात क्ष-किरणांच्या साहाय्याने उड्डियान व नौली या पोटाच्या क्रिया त्यांनी तपासल्या. नौली करताना आतड्यातील दाब बाहेरच्या हवेपेक्षा कमी होतो, हे त्यांनी दाबमापकाने दाखवले. १९२४ साली त्यांनी लोणावळ्यास ‘कैवल्यधाम’ स्थापन केले आणि त्याच वर्षी ‘योगमीमांसा’ हे नियतकालिक सुरू केले.

याच सुमारास काही योगी आपण हृदय थांबवू शकतो असे सांगत. १९३५ साली तेरेझ ब्रोस ही फ्रेंच डॉक्टर हृदयाचा आलेख काढणारे यंत्र घेऊन भारतात आली आणि हृदय जवळजवळ थांबल्यासारखा आलेख तिला मिळाला. त्यानंतर १९५७ साली अमेरिकेचे वेंगर व बागची हे संशोधक भारतात आले आणि दिल्लीचे डॉ. आनंद यांच्यासह त्यांनी हा दावा पुन्हा तपासला. लोणावळ्यासही त्यांचे काम चालले. १९६१ साली त्यांचा निष्कर्ष प्रसिद्ध झाला. योगी श्वास कोंडून छाती व पोट आवळून धरीत, तेव्हा नाडी बोटाला लागेनाशी होई व ठोके ऐकू येईनासे होत. पण यंत्रावर हृदय चालूच असल्याचे दिसे. हृदयाकडे परतणारे रक्त अडल्याने नाडी क्षीण होत होती. म्हणजे हे वेबरने पाहिले तेच होते. यात त्या योग्यांची नाचक्की झाली असे समजण्याचे कारण नाही. आपला दावा यंत्रापुढे ठेवण्यास ते स्वखुशीने तयार झाले, हाच त्यांचा मोठेपणा होय.

शरीरात काय घडते?

१९४४ साली हॅमिल्टन व त्यांच्या सहकाऱ्यांनी अमेरिकेत खोकताना व कुंथताना रक्तदाब प्रत्यक्ष मोजला. तेव्हापासून या क्रियेचे चार टप्पे मानतात. पहिल्या टप्प्यात दम कोंडताच छातीतील दाब वाढतो आणि रक्तदाब क्षणभर चढतो. दुसऱ्यात हृदयाकडे येणाऱ्या शिरा दाबल्या जातात, परतणारे रक्त कमी होते, रक्तदाब उतरतो व नाडी जलद होते. तिसऱ्यात दम सोडताच रक्तदाब आणखी थोडा खाली जातो. चौथ्यात अडलेले रक्त लोंढ्यासारखे हृदयात येते, रक्तवाहिन्या मात्र अजून आवळलेल्याच असतात. त्यामुळे रक्तदाब मूळच्यापेक्षा वर उसळतो आणि नाडी मंदावते.

त्यावर वजन उचलण्याचा जोर मिळाला तर आकडे थक्क करणारे असतात. निरोगी माणसाचा रक्तदाब सुमारे १२०/८० असतो. १९८५ सालच्या, कॅनडात अनुभवी कसरतपटूंवर केलेल्या प्रयोगात, पायांनी जड वजन ढकलताना तो सरासरी ३२०/२५० पर्यंत गेला, आणि एकाचा ४८०/३५० च्याही वर चढला. कसलेल्या तरुणाचे शरीर हे काही क्षण सोसते. मात्र ज्यास रक्तदाबाचा विकार आहे, ज्याचे हृदय दुबळे आहे, त्यास हाच क्षण घातक ठरू शकतो. जोराने कुंथल्यामुळे डोळ्याच्या पडद्यावर रक्तस्राव झाल्याची उदाहरणे थॉमस ड्युएन या डॉक्टरांनी १९७२ साली नोंदवली. अंतर्गळही यामुळे वाढतो.

हीच क्रिया औषधही ठरते. हृदयाची एक प्रकारची अतिजलद धडधड थांबवण्यासाठी डॉक्टर ती रुग्णाकडून करवून घेतात. २०१५ साली इंग्लंडमध्ये ४२८ रुग्णांवर झालेल्या चाचणीत, जोर केल्यानंतर लगेच रुग्णास आडवे करून पाय वर धरले असता शंभरातील ४३ जणांची धडधड थांबली. जुन्या रीतीने फक्त १७ जणांची थांबली होती. परंतु हा उपाय घरी करून पाहण्याचा नव्हे.

पालकांना व विद्यार्थ्यांना

या इतिहासातून घरी नेण्यासारख्या काही गोष्टी आहेत. ओझे उचलताना दम कोंडू नका. जोर करतानाच तोंडाने श्वास सोडा. एक, दोन, तीन असे मोठ्याने मोजत उचलले तर दम कोंडताच येत नाही. घरातील वडीलधाऱ्यांना बद्धकोष्ठ असेल तर कुंथण्यापेक्षा पाणी, भाजीपाला व डॉक्टरांचा सल्ला बरा. बाळंतपणात कळ आली असता आईने शरीराच्या ओढीनेच जोर करावा, असे जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ साली सुचवले आहे. उगाच ‘दम धर, दम धर’ म्हणून तिला थकवू नये.

आणि सर्वांत महत्त्वाची गोष्ट विहिरीतील पैजेची. पाण्यात शिरण्यापूर्वी जलद जलद श्वास घेतल्याने जास्त वेळ बुडता येते, असे मुलांना वाटते. परंतु १९६१ साली अल्बर्ट क्रेग या अमेरिकन संशोधकाने यातील धोका स्पष्ट केला. जलद श्वासाने शरीरातील कार्बन डायऑक्साइड कमी होतो, आणि श्वास घेण्याची ओढ त्याच वायूमुळे लागते. ती ओढ लागण्यापूर्वीच प्राणवायू संपतो आणि पोहणारा कोणतीही सूचना न मिळता पाण्याखालीच बेशुद्ध होतो. अशा वेळी चांगला पोहणाराही बुडतो. म्हणून ही पैज आपल्या मुलांनी लावू नये. ती कोणी लावत असेल तर थोरांनी तेथल्या तेथे थांबवावी.

हकीम, सूफी, योगी, उस्ताद व डॉक्टर या सर्वांनी एकाच श्वासाचा शोध घेतला. बुजुर्गांनी अनुभवाने सावधगिरी सांगितली आणि मोजमापाने तिचे कारण दिले. आपल्या शाळेतील मुलामुलींनी दोन्हींचा आदर करावा. थोरांचे ऐकावे आणि ते खरे का आहे, हेही विचारावे. इल्मची वाट त्या प्रश्नापासूनच सुरू होते.