बाई आली, बाई आल्या

'बाई' हा शब्द मराठीत दोन अक्षरांचा आहे, आणि त्याच्या अर्थाचा मोठा भाग त्या दोन अक्षरांच्या बाहेर आहे. 'बाई आली' आणि 'बाई आल्या' ही दोन वाक्ये शेजारी ठेवून पाहावीत. पहिल्यातली बाई भांडी घासायला आली असेल, किंवा कोणी अनोळखी स्त्री दारात उभी असेल. दुसऱ्यातल्या बाई वर्गात आल्या आहेत आणि मुले उठून उभी राहिली आहेत. नाम तेच आहे. आदर वाहून नेला आहे तो क्रियापदाने. विभक्तीत तर हे अंतर एका टिंबाएवढे उरते: 'बाईने सांगितले' आणि 'बाईंनी सांगितले'. अनेकवचन खरोखरच करायचे झाले, तर 'बाया' किंवा 'बायका' म्हणावे लागते, आणि 'बाया' म्हणताच बोलणाऱ्याची पायरी ऐकणाऱ्याला कळते.

अर्थापकर्षाचे उदाहरण हवे असले, की हा शब्द सहज हाताशी येतो. पूर्वी राण्यांच्या नावाला लागत असे, आता मोलकरणीला लावतात. म्हणजे शब्द घसरला. हे उदाहरण आम्हांस पटत नाही. उंच आणि सखल हे दोन्ही अर्थ या शब्दात एकाच काळी नांदत आले आहेत. प्रश्न एवढाच राहिला, की कोणाला टिंब द्यायचे आणि कोणाला नाही.

लीळाचरित्रात चक्रधरांच्या परिवारातील ज्येष्ठ शिष्येचे नाव नागुबाई. पण ग्रंथ तिला ओळखतो तो 'बाइसा' या नावाने. तेराव्या शतकातच हा शब्द मानाने हाक मारण्याचा आहे. त्याच शतकातली जनाबाई मात्र आपल्या अभंगांत स्वतःला 'जनी' म्हणवते, नामदेवाची दासी म्हणवते. 'बाई' तिला नंतरच्या जगाने दिली. हा फरक लहान समजू नये. मराठी घरांत शतकानुशतके धनीण राधाबाई असे आणि राबणारी राधी. नावापुढे 'बाई' लागणे हीच एक मिळकत होती, आणि ती सर्वांच्या वाट्याला येत नसे.

ज्यांच्या वाट्याला आली, त्यांच्या नावांनी मराठ्यांच्या इतिहासाची पाने भरली आहेत: जिजाबाई, येसूबाई, ताराबाई, गोपिकाबाई, अहिल्याबाई. हा प्रत्यय लावणाऱ्या स्त्रिया उत्तरेत नुसत्या सुना म्हणून गेल्या नाहीत. १७६७ ते १७९५ अशी अठ्ठावीस वर्षे अहिल्याबाईंनी माळव्यात राज्य केले. ग्वाल्हेरला १८२७ ते १८३३ या काळात बायजाबाई शिंदे यांच्या हाती कारभार होता. गोडसे भटजींनी १८८३ साली लिहिलेल्या आणि १९०७ साली छापल्या गेलेल्या 'माझा प्रवास'मध्ये झाशीच्या राणीला 'बाईसाहेब' म्हटले आहे. ज्या मुलखात हे घडत होते, त्या बुंदेलखंडात 'बाई' म्हणजे आई. राजस्थानात 'बाई' म्हणजे बहीण किंवा लेक, आणि रजपूत घराण्यांतली मुलगी 'बाईसा'. लीळाचरित्रातल्या बाइसाशी हे रूप हुबेहूब जुळते. पण नुसत्या रूपसाम्यावरून नाते जोडण्याचा मोह आम्ही आवरतो.

गुजरातीत या शब्दाची गोष्ट अधिक स्पष्ट दिसते. गांधीजींच्या आईचे नाव पुतळीबाई. पत्नी कस्तुरबाई, पुढे कस्तुरबा. वल्लभभाई पटेलांची कन्या मात्र मणिबेन. दोन पिढ्यांत 'बाई'ची जागा 'बेन'ने घेतली. १९२५ साली मॅडेलिन स्लेड गांधीजींकडे आल्या, तेव्हा त्यांना नाव मिळाले ते मीरा. मीराबाईंची मीरा राहिली, प्रत्यय बदलला आणि त्या मीराबेन झाल्या. मुंबईच्या पारशी समाजाने मात्र हा शब्द नावाच्या मागेही ठेवला आणि पुढेही. परळचे बाई जेरबाई वाडिया रुग्णालय, तिथलेच जनावरांचे बाई साकरबाई दिनशा पेटिट रुग्णालय, वांद्र्याची बाई अवाबाई पेटिट शाळा: या पाट्यांवरची पहिली 'बाई' ही पदवी आहे आणि दुसरी नावाचा भाग. दोन्ही एकमेकींना धक्का न लावता उभ्या आहेत.

येथे थोडे आडवाटेला जाऊन, नुसत्या ध्वनीने जुळणाऱ्या शब्दांचा हिशेब मिटवून टाकू. हिंदी कोशांत 'बाई' म्हणजे वातविकारही आहे. तो 'वायू'वरून आला. बंगालीत त्याच वायूचा 'बाई' झाला आणि त्याला खूळ, छंद असा अर्थ मिळाला. सोवळ्याओवळ्याचे वेड लागलेल्याला 'शुचिबाई' जडली असे तिथे म्हणतात. पंजाबीत 'बाई' म्हणजे बावीस, आणि पंजाबच्या माळवा भागात 'बाई' म्हणजे थोरला भाऊ. तिथली तरुण मुले 'बाई जी' हे संबोधन आकड्यात '२२ जी' असे लिहितात. तेलंगणात 'बायी' म्हणजे विहीर. कन्नडमध्ये 'बायि' म्हणजे तोंड, आणि मराठी प्रत्यय लागलेली नावेही कन्नड लिपीत त्याच अक्षरांनी लिहिली जातात. हुबळीच्या गंगूबाई हानगल यांचे नाव कन्नडमध्ये वाचणाऱ्याला त्यात मुख दिसू शकते. गाणाऱ्या स्त्रीच्या नावाला हा योगायोग शोभून दिसतो, पण तो योगायोगच. गोव्यात पोर्तुगीज लोक देवळांतल्या नर्तिकांना 'बायलादेरा' म्हणत. तो शब्द नाचणे या अर्थाच्या पोर्तुगीज क्रियापदावरून आलेला आहे. त्याचा 'बाई'शी किंवा कोकणीतल्या 'बायल'शी संबंध नाही. कोकणीत आजही पुरुषाच्या नावाआधी 'बाब' आणि स्त्रीच्या नावाआधी 'बाय' लागते, आणि त्यात मानाखेरीज काही नसते.

नुसत्या योगायोगाने उलगडत नाही ती लखनौ, बनारस आणि कलकत्त्याची 'बाई'. तिथे हा शब्द गाणाऱ्या-नाचणाऱ्या व्यावसायिक स्त्रीच्या नावाला लागला. बंगालीत त्याला 'जी' जोडून 'बाईजी' झाले, नाचाच्या मैफलीला 'बाईनाच' म्हणू लागले. 'जी' हा आदराचाच प्रत्यय. पण 'बाईजी' म्हणताना बंगाली भद्रलोकांच्या मनात जे येई, त्यात आदर फार थोडा होता. आदराचा प्रत्यय शब्दाला कायमचा चिकटून बसला, की त्याचे काम संपते. मराठीत दर वाक्यात क्रियापदापाशी नव्याने ठरवावे लागते, की या बाई 'आली' की 'आल्या'. 'बाईजी'मध्ये तो निर्णय एकदाच झाला, आणि नंतर कोणी त्याकडे पाहिले नाही.

या प्रत्ययाची किंमत गायिकांना रोखीने मोजावी लागली. १९४० च्या दशकाच्या उत्तरार्धात नभोवाणी खाते वल्लभभाई पटेलांकडे होते. ज्या स्त्रियांच्या खासगी जीवनाबद्दल लोकापवाद आहे, त्यांना आकाशवाणीवर गाऊ देऊ नये, असे धोरण त्या काळात आले. नावातली 'बाई' ही त्या लोकापवादाची खूण ठरू लागली, आणि उत्तरेतल्या गायिकांच्या नावांत 'देवी' आणि 'बेगम' दिसू लागल्या. अख्तरीबाई फैजाबादी १९४५ साली विवाहबद्ध झाल्या आणि पुढे बेगम अख्तर म्हणून गायल्या. रसूलनबाई १९७४ साली वारल्या, त्या रसूलनबाई म्हणूनच. गाण्यात बदल झाला नव्हता. विवाहाचा दाखला नावात दिसावा, एवढीच अपेक्षा होती.

महाराष्ट्र-गोव्याकडच्या गायिकांनी नाव बदलले नाही. हिराबाई बडोदेकर, केसरबाई केरकर, मोगूबाई कुर्डीकर शेवटपर्यंत 'बाई' राहिल्या, कारण मराठी कानाला त्या शब्दात बाजार ऐकू येत नव्हता. आला तरी त्याच शब्दात जिजाबाईही ऐकू येत होत्या. बंगालमध्ये हा दुसरा सूर नव्हता. १८७८ साली कलकत्त्याच्या पंडितांनी रमाबाईंना 'पंडिता' आणि 'सरस्वती' या पदव्या दिल्या. १९४८ साली त्याच शहरातून केसरबाईंना 'सूरश्री' ही पदवी मिळाली. विद्वत्तेचा आणि गाण्याचा गौरव हेच या पदव्यांचे कारण. तरीही मराठी 'बाई'ला कलकत्त्यात सत्तर वर्षांच्या अंतराने दोनदा पुढे एक शब्द जोडला गेला, हे आमच्या नजरेतून सुटत नाही.

इकडेही सारे आलबेल होते असे नाही. गंगूबाई हानगल यांचे एक बोलणे पुष्कळदा सांगितले जाते. मुसलमान गवई मोठा झाला की उस्ताद होतो, हिंदू गवई पंडित होतो, आणि केसरबाई, मोगूबाई मात्र बाईच राहतात, असा त्याचा आशय. या बोलण्यात 'बाई' शब्दाचा अपमान नाही. पुढे पायरीच नसल्याची तक्रार आहे. मोगूबाईंच्या कन्येपाशी हा प्रश्न वेगळ्या तऱ्हेने सुटला. किशोरी आमोणकर 'किशोरीबाई' झाल्या नाहीत, 'किशोरीताई' झाल्या. आईच्या नावात प्रत्यय होता, लेकीला नाते मिळाले. गंगूबाई हानगल २००९ साली गेल्या. 'गंगूबाई' हेच नाव असलेला चित्रपट २०२२ साली आला, तो कामाठीपुऱ्यावरचा होता. दोन्ही नावे उच्चारताना शब्द जराही बदलत नाही.

शब्दाचा आजचा सर्वाधिक वापर अर्थात घरकामाशी जोडलेला आहे. मुंबईच्या इंग्रजीत आणि हिंदीत 'बाई' म्हणजे कामवाली, आणि तेवढेच. इंग्रजीत गेलेल्या 'बाई'ला 'आल्या' हे क्रियापद सोबत नेता आले नाही. शब्द परक्या भाषेत जातो तेव्हा त्याचे सामान मागे राहते. येथे मागे राहिलेले सामान म्हणजेच आदर. याच इंग्रजीचे वळण घेऊन शहरी मराठी परत आली, आणि शाळेतल्या बाईंना अवघडल्यासारखे वाटू लागले. १८४८ साली पुण्यात सावित्रीबाई फुले ज्या नावाने वर्गात उभ्या राहिल्या, ते नाव आता 'टीचर' आणि 'मॅडम' यांच्या मागे गेले आहे. 'मॅडम आली' असे मात्र मराठीत कोणी म्हणत नाही. आदराचे बहुवचन 'मॅडम'ला पहिल्या दिवसापासून फुकट मिळाले.

घरकाम करणाऱ्या स्त्रियांनी स्वतःसाठी कोणता शब्द निवडला, हे पाहण्यासारखे आहे. पुण्यात १९८० साली त्यांनी संप केला, आणि त्यातून पुढे उभी राहिलेली संघटना 'मोलकरीण संघटना' म्हणवते. मध्यमवर्गाला 'मोलकरीण' हा शब्द कमीपणाचा वाटतो. त्यात 'मोल' आहे, म्हणजे कामाचा दाम आहे, हे त्या स्त्रियांनी ओळखले. २००८ च्या महाराष्ट्राच्या कायद्याने 'घरेलू कामगार' असा शब्द घेतला. सभ्य घरांतून आता 'मावशी' रूढ आहे. 'मावशी आल्या' असे म्हणतात, म्हणजे टिंब दिले. पण मावशीने पगारवाढ मागणे 'बाई'ने मागण्यापेक्षा अवघड असते, हे घरात दोन्ही शब्द वापरून पाहिलेल्यांना ठाऊक असेल.

इतिहासलेखनातही 'बाई'पासून दूर जाण्याची धडपड चालू आहे. अहिल्याबाई आता बहुधा अहिल्यादेवी असतात: सोलापूरच्या विद्यापीठाला २०१९ साली दिलेले नाव 'पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर' असे आहे. इंदूरच्या विमानतळाच्या नावात 'देवी' आणि 'बाई' दोन्ही आहेत. जिजाबाई जिजाऊ झाल्या, जिजामाता झाल्या. 'देवी' लावण्यामागची श्रद्धा खरी आहे, याबद्दल आम्हांस शंका नाही. पण बनारसच्या गायिकांनी ज्या भीतीने 'देवी' घेतली, तिची सावली या बदलावर पडलेली नाही, असे आम्हांस म्हणवत नाही. अहिल्याबाई आपल्या काळी अहिल्याबाई या नावाने आज्ञा देत होत्या, आणि त्या पाळल्या जात होत्या.

नाव बदलण्याऐवजी विभक्ती सुधारली, तर निदान मराठी वर्गात पुष्कळ काम होईल. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. आनंदीबाईंनी पत्रातल्या 'धरावे'चे 'मारावे' केले, म्हणजे 'ध'चा 'मा' केला, अशी आख्यायिका प्रत्येक मराठी मुलाला माहीत असते. या खुनाचा दोष रामशास्त्री प्रभुण्यांनी रघुनाथरावांवर ठेवला. तरीही हा प्रसंग सांगताना 'राघोबादादांनी' कट केला असे म्हटले जाते, आणि अक्षर बदलले ते 'आनंदीबाईने'. विद्यार्थ्यांच्या वह्या तपासताना आम्ही हे टिंब आता लाल शाईने घालून देतो.