‘बॅरिस्टर’ आणि ‘रावसाहेब’ : दोन संबोधनांचा सामाजिक अर्थ

सिंधुदुर्गाच्या किनाऱ्यावरील आरवली (ता. वेंगुर्ले) हे जयवंत दळवी (१९२५–१९९४) यांचे गाव. ‘अंधाराच्या पारंब्या’ या आपल्या कादंबरीवरून त्यांनी ‘बॅरिस्टर’ (१९७७) हे नाटक रचले. त्यावर आधारलेला ‘रावसाहेब’ हा हिंदी चित्रपट विजया मेहता यांनी दिग्दर्शित केला. त्यातील मावशीच्या भूमिकेबद्दल ३३ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत त्यांना सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार लाभला.

विलायतेत शिकून आलेला नायक जुन्या वाड्यात विधवा मावशीसह राहतो. वाड्यातील बिऱ्हाडकरूच्या मृत्यूनंतर त्याची तरुण पत्नी राधा हिच्या केशवपनाचा आग्रह सुरू होतो. नायक त्यास विरोध करतो. सोवळेपण स्वतः भोगलेली मावशी त्याने राधेशी विवाह करावा, असे सुचविते. ते पाऊल मात्र त्याच्याकडून उचलले जात नाही.

नाटक व चित्रपट या दोहोंची शीर्षके व्यक्तिनामे नसून संबोधने आहेत, ही गोष्ट लक्षणीय होय. ‘बॅरिस्टर’ या पदवीतून कायद्याचे ज्ञान सूचित होते, तर ‘रावसाहेब’ या उपाधीतून प्रतिष्ठा. उलटपक्षी ‘सोवळी’ या शब्दात पावित्र्याचा अर्थ असूनही तो केस आणि रंगीत वस्त्रे हिरावून घेतलेल्या स्त्रीस लावला जाई. येथे मानाचा शब्द पुरुषास बांधून ठेवतो. पावित्र्याचा शब्द स्त्रीची मानहानी झाकतो.

विधवेच्या पुनर्विवाहास १८५६ च्या कायद्याने मान्यता दिली होती. तथापि त्याच कायद्यान्वये पुनर्विवाहितेचा मृत पतीच्या मालमत्तेवरील हक्क संपुष्टात येई. कायद्याने वाट मोकळी केली, पण त्या वाटेने जाणाऱ्यास समाजाच्या रोषापासून संरक्षण दिले नाही. धोंडो केशव कर्वे यांनी १८९३ मध्ये गोदूबाईंशी पुनर्विवाह केला, तेव्हा कोकणातीलच मुरुड या त्यांच्या गावाने त्यांच्यावर बहिष्कार घातला. नायकाचे भय निराधार नव्हते, हे यावरून स्पष्ट होते.

परंतु भय साधार असले म्हणजे निष्क्रियता अपरिहार्य ठरते, असे नव्हे. कर्व्यांनी तो बहिष्कार सोसला. त्यापूर्वी १८९० मध्ये सत्यशोधक चळवळीच्या प्रेरणेने मुंबईच्या नाभिकांनी विधवांचे केशवपन करण्यास नकार दिला होता. त्यांच्यापाशी ना पदवी होती, ना उपाधी. नकारामुळे रोजची कमाई बुडण्याचा धोका मात्र होता. केवळ ज्ञान व प्रतिष्ठा यांच्या बळावर सुधारणा घडते, हा समज या इतिहासापुढे टिकत नाही. दळवींच्या नायकाची शोकांतिका या पार्श्वभूमीवर वाचली पाहिजे.